स्वातंत्र्याच्या नांवाची स्पर्धा

राष्ट्रांचा इतिहास लढाया, तह आणि राज्यघटना यांवरून लिहिण्याची रीत जुनी आहे. ती चुकीची आहे असें आम्ही म्हणत नाहीं. परंतु एखादें नवें राष्ट्र आपल्या घरीं कोणास बोलावतें, कोण येतें आणि कोण येत नाहीं, हें पाहिलें म्हणजे त्या राष्ट्राची ओळख तहनाम्यांपेक्षां लवकर पटते. क्वालालंपूर येथील मर्देका फुटबॉल स्पर्धेची हकीकत वाचकांपुढें ठेवण्याचें कारण हेंच होय.

‘मर्देका’ हा मलायी भाषेंतील स्वातंत्र्यवाचक शब्द. तो कानास परका वाटतो खरा. पण त्याचें मूळ संस्कृतांतील ‘महर्द्धिक’ या शब्दांत आहे असें भाषापंडित सांगतात. ज्याची ऋद्धि मोठी तो महर्द्धिक. समुद्रापलीकडे हा वैभववाचक शब्द प्रथम दास्यांतून सुटलेल्या माणसास लागू झाला व पुढें स्वतंत्र देशास. ता. ३१ ऑगस्ट १९५७ रोजीं मलायाचे पहिले पंतप्रधान तुंकू अब्दुल रहमान यांनीं नव्या क्रीडांगणावर हाच शब्द सात वेळां उच्चारिला, आणि जमलेल्या समुदायानें दर वेळीं त्यास साद दिली. त्या क्रीडांगणाचें नांवहि मर्देकाच. घर बांधून झालें म्हणजे वास्तुशांतीस सोयऱ्याधायऱ्यांस बोलवावें, त्याप्रमाणें त्याच वर्षीं तेथें आशियांतील संघांस फुटबॉलचें आमंत्रण गेलें.

तो पहिला चषक मात्र हाँगकाँगच्या संघानें नेला. आणि हाँगकाँग तर त्या वेळीं ब्रिटिशांची वसाहत! यजमानांनीं त्याचा विषाद मानला नाहीं. १९५८ व १९५९ सालीं मलायानें चषक जिंकला आणि १९६० सालीं तो दक्षिण कोरियाबरोबर वाटून घेतला.

ही स्पर्धा इतक्या लवकर कां रुजली, याचें कारण त्या काळच्या परिस्थितींत आहे. आशियाई फुटबॉल महासंघ १९५४ सालीं स्थापन झाला आणि आशिया चषकाची पहिली स्पर्धा १९५६ सालीं हाँगकाँग येथें झाली. पण ती, तशाच ऑलिंपिक व आशियाई क्रीडास्पर्धा, चार चार वर्षांनीं येणार. मधल्या काळांत गरीब राष्ट्रांच्या खेळाडूंनीं परक्या संघाशीं झुंजावें तरी कोठें? ती सोय मर्देकानें दरसाल केली. एकाच मुक्कामांत अनेक देशांचे संघ भेटत, एकमेकांचे डाव पाहत, आणि घरीं परततांना कांहीं शिकून जात. तुंकू हे स्वतः फुटबॉलचे मोठे रसिक. १९५८ ते १९७७ पर्यंत आशियाई महासंघाचें अध्यक्षपद त्यांच्याकडे होतें. पहिलीं बारा वर्षें तर पंतप्रधानपद सांभाळून त्यांनीं तें चालविलें.

या पंक्तींत आपल्या देशाचें पान मानाचें होतें. १९५६ सालच्या मेलबर्न ऑलिंपिकमध्यें भारत चौथा आला होता. १९५९ सालीं मर्देकांत तो दुसरा आला. रहीम यांच्या शिकवणीखालीं १९६२ सालीं जाकार्ता येथें भारतानें आशियाई सुवर्णपदक जिंकलें. पुढच्याच वर्षीं रहीम वारले. १९६४ सालीं मर्देकाच्या अंतिम सामन्यांत भारतास ब्रह्मदेशापुढें, म्हणजे आजच्या म्यानमारपुढें, हार खावी लागली. त्याच वर्षीं आशिया चषकांतहि दुसऱ्या स्थानावर समाधान मानावें लागलें. हीं दुसरीं स्थानें तेव्हां आम्हांस उणीं वाटलीं असतील. आज त्यांचें मोल कळतें.

स्पर्धेच्या विजेत्यांची नामावळी म्हणजे त्या काळच्या आशियाचें राजकारणच होय. इंडोनेशियानें १९६१ व १९६२ असा लागोपाठ दोनदां चषक जिंकला. १९६३ सालीं मलेशियाच्या स्थापनेवरून याच दोन शेजाऱ्यांत उघड वैर पेटलें. १९६६ सालीं तें शमलें आणि १९६९ सालीं इंडोनेशियानें पुन्हां तोच चषक उचलला. १९६६ सालीं विजयी झाला तो दक्षिण व्हिएतनाम. घरीं घोर युद्ध चाललेलें, आणि वाइगांग या जर्मन शिक्षकाच्या हाताखालचा हा संघ क्वालालंपुरांत ब्रह्मदेशास हरवितो! नऊ वर्षांनीं तें राष्ट्रच नकाशावरून गेलें. त्याच्या नांवावरचा हा विजय मात्र राहिला.

यजमानांच्या घरींहि सर्व कांहीं सुरळीत नव्हतें. १३ मे १९६९ रोजीं क्वालालंपुरांत मलायी व चिनी लोकांत भीषण दंगल उसळली. १९७० सालीं तुंकूंनीं पंतप्रधानपद सोडलें. त्यापुढच्या दशकांत मलेशियाचा जो संघ नांवाजला, त्यांत मोख्तार दहारी हा मलायी, सो चिन आन हा चिनी, आणि संतोख सिंग व गोलरक्षक अरुमुगम हे भारतीय वंशाचे खेळाडू खांद्याला खांदा लावून उभे होते. फुटबॉलनें दंगलीच्या जखमा भरल्या असें म्हणणें अतिशयोक्तीचें होईल. पण एकाच गोलावर तिन्ही समाजांनीं आनंदानें उठून उभें राहावें, असे प्रसंग त्या देशांत थोडे होते. आणि त्यांतले पुष्कळसे या क्रीडांगणावर घडले.

पुढें उतरती कळा लागली. १९६८ सालीं थायलंडनें व १९७१ सालीं दक्षिण कोरियानें अशाच आमंत्रणाच्या स्पर्धा सुरू केल्या. धंदेवाईक फुटबॉल वाढला, विश्वचषकाच्या पात्रतेचे सामने वाढले, आणि मोठे देश मर्देकास दुय्यम अथवा तरुणांचे संघ पाठवूं लागले. अखेर २०१३ नंतर दहा वर्षें ती बंदच होती. आपल्या मुंबईस याचें नवल वाटूं नये. १८९१ पासून चालत आलेला कूपरेजवरचा रोव्हर्स चषक २०००-०१ नंतर असाच थांबला. फरक इतकाच कीं, मर्देकाच्या चालकांनीं २०२३ सालीं ती पुन्हां उभी केली.

त्या वर्षीं भारताचा संघ पुन्हां क्वालालंपुरास गेला आणि उपांत्य सामन्यांत मलेशियाकडून ४-२ असा हरला. एके काळीं जेथें आपण अंतिम सामना खेळलों तेथें उंबरठ्यावरूनच परतावें लागलें, याचा विचार आपल्या फुटबॉलच्या चालकांनीं करावा. यजमानांसहि अंतिम सामना गमवावा लागला. चषक नेला तो ताजिकिस्ताननें. म्हणजे १९९१ सालीं स्वतंत्र झालेल्या, या स्पर्धेहूनहि वयानें लहान अशा राष्ट्रानें. मर्देका या शब्दाचा अर्थ जाणणारा कोणीहि त्या निकालाबद्दल फारसा खेद करणार नाहीं.