अणुइंधन-निर्मितीवरील आंतरराष्ट्रीय नियंत्रण

युरेनियमाचे समृद्धीकरण आणि वापरलेल्या इंधनातून प्लुटोनियम वेगळे करणे या प्रक्रिया अण्वस्त्रांकडे वळू नयेत म्हणून उभारलेली देखरेखीची व इंधनपुरवठ्याची व्यवस्था. वीजनिर्मितीच्या बहुतेक अणुभट्ट्यांना युरेनियम-२३५ चे प्रमाण सुमारे ३ ते ५ टक्के पुरते, तर बाँबला साधारण ९० टक्के लागते. समृद्धीकरणाची यंत्रे मात्र तीच. म्हणून ही निर्मिती बहुराष्ट्रीय देखरेखीखाली असावी, हा विचार रास्त आहे. पण पुरवठ्याची हमी नसेल, तर अशी व्यवस्था टिकत नाही, हे पालघर जिल्ह्यातील तारापूर अणुवीज केंद्राने दाखवून दिले. १९६३ च्या करारानुसार तेथे समृद्ध युरेनियम अमेरिकेने पुरवायचे होते. भारताची १९७४ ची पोखरण अणुचाचणी व १९७८ चा अमेरिकी अण्वस्त्रप्रसार-प्रतिबंध कायदा यांमुळे पुरवठा अडला आणि १९८२ मध्ये फ्रान्सने तो हाती घेतला.

पुरवठ्याच्या हमीमुळे गैरवापराला मोकळे रान मिळेल, हा आक्षेप गंभीर आहे. परंतु पोखरणचे प्लुटोनियम तुर्भ्याच्या सायरस अणुभट्टीतले होते आणि ती आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेच्या तपासणीबाहेर होती. तारापूर १९७१ च्या त्रिपक्षीय करारापासून तपासणीखाली होते. म्हणजे फट देखरेखीत होती, पुरवठ्यात नव्हे. याच संस्थेच्या कझाकस्तानातील इंधनपेढीत २०१९ मध्ये युरेनियमाचा साठा दाखल झाला, तो इंधनाचा पुरवठा कोणा एका देशाच्या मर्जीवर अवलंबून राहू नये यासाठीच. तपासणी काटेकोर आणि पुरवठा खात्रीचा, या दोन्ही अटी एकत्र पाळल्या तरच हे नियंत्रण न्याय्य व टिकाऊ ठरेल.