नानावटी खटला आणि आपल्या सिनॉप्सिसमधला 'मुळे'

नंदुरबारला अभ्यासिकेत पेटची तयारी करणारी मुलं भेटली की मी एक प्रश्न हमखास विचारतो : भारतातली ज्यूरी पद्धत का बंद झाली? उत्तर ठरलेलं असतं, "दादा, नानावटी खटल्यामुळे!"

चला, तारखा एकाखाली एक मांडून बघू.

२७ एप्रिल १९५९ ला मुंबईत नौदल अधिकारी कावस नानावटी याने पत्नीचा प्रियकर प्रेम आहुजा याला गोळ्या घालून मारलं. ज्यूरीने ८ विरुद्ध १ मतांनी त्याला निर्दोष ठरवलं. सत्र न्यायाधीशांना तो कौल पटला नाही. त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवलं. तिथे मार्च १९६० मध्ये जन्मठेप झाली आणि नोव्हेंबर १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली.

आता मागे जा. विधी आयोगाने ज्यूरी बंद करण्याची शिफारस केली १९५८ च्या अहवालात. म्हणजे गोळी सुटायच्या आधी! आणि कलकत्त्यात १९६० च्या दशकातही ज्यूरीसमोर खटले चालत होते. शेवटी १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ज्यूरीला जागा उरली नाही. नानावटी खटल्याने ज्यूरीच्या विरोधकांना एक ठळक दाखला दिला, इतकंच म्हणता येतं.

मग या खटल्यात संशोधनासारखं काय आहे? माझ्या मते, शिक्षेनंतरचा भाग. उच्च न्यायालयाने शिक्षा दिली त्याच दिवशी राज्यपालांनी ती स्थगित केली आणि नानावटी तुरुंगाऐवजी नौदलाच्या कोठडीत राहिला. अपील चालू असताना असा आदेश लागू राहू शकत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर १९६० मध्ये सांगितलं. 'ब्लिट्झ' साप्ताहिकाने त्याची बाजू लावून धरली होती. १९६४ मध्ये राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित यांनी त्याला माफी दिली.

त्याच काळात आरोपीच्या पिंजऱ्यात शहाद्याकडचा एखादा भिल्ल सालदार उभा असता, तर? त्याच्यासाठी कोणतं साप्ताहिक लिहिणार होतं? त्याचा दयेचा अर्ज राजभवनापर्यंत कोण नेणार होतं? हे एका गाजलेल्या खटल्यावरून कळत नाही. त्यासाठी ज्यांची बातमी झाली नाही, असे खटले आणि असे अर्ज वाचावे लागतात.

आज एवढंच करा : आपल्या सिनॉप्सिसमधलं 'अमुकमुळे तमुक झालं' असं एक वाक्य काढा आणि दोन्हींच्या तारखा शेजारी लिहा. वाक्य टिकलं तर ठेवा. नाही टिकलं, तर खरा विषय बहुधा तिथेच आहे.