खंबाटकी आणि लाईन रायडर

परवा शनिवारी शिरवळला घरी गेलो होतो. गच्चीवरून खंबाटकीकडचे डोंगर दिसले आणि एकदम लाईन रायडर आठवला. आठवतोय का मंडळी? कोरा पांढरा पडदा, एक पेन्सिल आणि गळ्यात मफलर घालून घसरगाडीवर बसलेला तो गडी!

2006 च्या सप्टेंबरमध्ये बोश्त्यान चादेझ नावाच्या स्लोव्हेनियातल्या विद्यार्थ्याने हा फ्लॅश गेम नेटवर टाकला. ना पॉइंट्स, ना लेव्हल, ना शत्रू. आपण रेघ मारायची, प्ले दाबायचं, बाकी गुरुत्वाकर्षण बघून घेतं. उतार जरा चुकला की गडी गाडीवरून खाली.

2007 साली इथल्याच एका नेट कॅफेत, तीन नंबरच्या पीसीवर मी अख्खा खंबाटकी काढला होता. लोडशेडिंगच्या वेळा सांभाळून, आठवडाभर. सेव्ह केलेला ट्रॅक फ्लॅश त्याच कॉम्प्युटरवर एका छोट्या फाईलमध्ये ठेवायचं, हे तेव्हा कुठे माहीत होतं? एके दिवशी पीसी फॉरमॅट झाला आणि माझा घाट गेला.

पुढे फ्लॅशही गेलं. 31 डिसेंबर 2020 ला अ‍ॅडोबीने त्याचा सपोर्ट थांबवला आणि 12 जानेवारी 2021 पासून त्यातला मजकूर चालणंच बंद झालं. लाईन रायडर मात्र वाचला, कारण त्याचं फिजिक्स अगदी आटोपशीर. गडी आणि गाडी म्हणजे काही बिंदू आणि त्यांना जोडणाऱ्या काड्या. प्रत्येक बिंदू मघाशी कुठे होता आणि आत्ता कुठे आहे, यातला फरक घ्यायचा, त्यात गुरुत्वाकर्षण मिळवायचं, की पुढची जागा मिळाली. वेग वेगळा लिहून ठेवावा लागत नाही. लू व्हर्ले या फ्रेंच शास्त्रज्ञाने 1967 साली रेणूंच्या हालचालींसाठी वापरलेली ही पद्धत. हौशी लोकांनी तेच नियम जावास्क्रिप्टमध्ये पुन्हा लिहिले. यात नशिबाचा भाग शून्य. तीच रेघ दिली की गडी दरवेळी तसाच जातो, तिथेच पडतो.

म्हणजे ती फाईल असती तर माझा घाट आजही धावला असता! गेम कुणीतरी पुन्हा लिहिला, पण माझी रेघ कोण लिहिणार?

रात्री पुन्हा काढायला बसलो. दुसऱ्याच उतारावर गडी आपटला. असो. या वेळी फाईलची कॉपी मात्र दोन ठिकाणी ठेवलीय.