रूपांतराचे मोल : जपानी मायाकन्येचा इतिहास (१९६६–२०२२)

जादूने रूप पालटणारी मुलगी, म्हणजे 'माहो शोजो' किंवा मायाकन्या, ही जपानी लोकरंजनातील एक दृढमूल नायिका होय. तिच्या कथांत रूपांतर कायम राहिले. पालटत गेले ते रूपांतराचे मोल. हे मोल कोणी आणि कशासाठी द्यावयाचे, या प्रश्नाच्या बदलत्या उत्तरांत युद्धोत्तर जपानमधील तरुण मनाच्या इतिहासाचा एक धागा सापडतो.

योकोयामा मित्सुतेरू यांच्या चित्रकथेवरून १९६६ साली दूरचित्रवाणीवर आलेल्या मालिकेतील सॅली ही जादूच्या राज्याची राजकन्या होती. तिची शक्ती जन्मसिद्ध होती. १९६९ च्या मालिकेतील अक्को ही मात्र सामान्य मुलगी. आपल्या आरशावर केलेल्या मायेचे फळ म्हणून तिला जादूचा आरसा मिळतो. १९८३ सालच्या 'क्रीमी मामी'त दहा वर्षांची मुलगी रूप पालटून लोकप्रिय गायिका होते. परंतु ही देणगी केवळ एका वर्षाची असते. ताकेउची नाओको यांच्या कथेवरून १९९२ साली सुरू झालेल्या 'सेलर मून'मध्ये अभ्यासात मागे पडणाऱ्या, रडव्या मुलीवर जगाच्या रक्षणाचे कर्तव्य येऊन पडते. तिला आधार असतो तो मैत्रिणींचा.

त्याच सुमारास जपानची आर्थिक भरभराट ओसरली आणि तरुणांना स्थिर नोकरी मिळणे दुष्कर झाले. १९९५ च्या जानेवारीत कोबेचा भूकंप व मार्चमध्ये तोक्योच्या भुयारी रेल्वेतील विषारी वायूचा हल्ला, या घटनांनी सुरक्षिततेची भावना हादरली. पुढे आंतरजालावरील मानसिक आरोग्याच्या चर्चांतून 'मेनहेरा' हा शब्द रूढ झाला. भावनिक दृष्ट्या खचलेल्या व्यक्तीस, विशेषतः तरुणीस, तो लावला जाई. त्यात हेटाळणी होती, तशीच कित्येकींच्या बाबतीत स्वतःची ओळखही होती. २०११ सालच्या 'मादोका मागिका'त जादू हा करार ठरला. एका इच्छेच्या बदल्यात मुलीचा आत्मा गहाण पडतो, आणि निराशा पराकोटीस गेली की तीच राक्षसी चेटकीण होते.

२०२२ साली एका लहान गटाने रचलेल्या 'नीडी गर्ल ओव्हरडोस' या संगणकीय खेळात तर जादूच उरलेली नाही. आमे नावाची एकाकी मुलगी वेश व कॅमेरा यांच्या बळावर आंतरजालावरील 'देवदूत' बनते. खेळणारा तिचा सोबती आणि व्यवस्थापक असतो. अनुयायांची संख्या, ताण, जिव्हाळा आणि मनाचा काळोख ही चार परिमाणे त्याच्या हाती असतात. तिची काळजी घेणे आणि तिला प्रेक्षकांपुढे उभे करणे या दोन कृती येथे एकमेकींपासून विलग करता येत नाहीत.

तथापि अशा कृती म्हणजे जपानी तरुणींच्या मनःस्थितीचा प्रत्यक्ष पुरावा मानणे सदोष ठरेल. सॅली व अक्को या दोघींचे मूळ निर्माते प्रौढ पुरुष होते, आणि अशा कृतींना बाजाराची गणितेही असतात. त्यांतून कळते ते एवढेच, की त्या त्या काळी मुलीचे दुःख कोणत्या भाषेत बोलता येत होते. या दृष्टीने पाहता नाजूकपणा हा मुलीच्या स्वभावाचा दोष नव्हे. राजकन्येच्या वारशापासून अनुयायांच्या संख्येपर्यंत झालेल्या प्रवासाचा तो परिणाम आहे. ताज्या खेळाचे वेगळेपण असे की, त्याने या व्यवहारात पाहणाऱ्याचा वाटाही हिशेबात घेतला.