डायना टॉरासी

टॉरासी, डायना लोरेना : (११ जून १९८२ – ). अमेरिकेच्या व्यावसायिक बास्केटबॉलपटू. डब्ल्यूएनबीए या अमेरिकेतील महिलांच्या व्यावसायिक लीगमध्ये सर्वाधिक गुण (१०,६४६) आणि सर्वाधिक थ्री-पॉइंटर त्यांच्या नावावर आहेत. २००४ ते २०२४ या काळात त्यांनी ऑलिंपिकमध्ये सलग सहा सुवर्णपदके मिळवली. बास्केटबॉलमध्ये स्त्री वा पुरुष, कोणत्याही खेळाडूकडे इतकी नाहीत. अमेरिकेत त्या फिनिक्स मर्क्युरी या एकाच संघाकडून २० हंगाम खेळल्या. एवढ्यावर नोंद संपवली, तर मात्र ती अर्धीच ठरेल. कारकिर्दीतील सुमारे एक तप त्यांचे हिवाळे रशिया आणि तुर्कस्तानात गेले आणि मोठी कमाईही तिथलीच. उन्हाळ्यात नाव मायदेशी आणि हिवाळ्यात पैसा परदेशी, अशी विभागणी त्यांच्या पिढीतल्या बहुतेक अव्वल खेळाडूंच्या वाट्याला आली. टॉरासींच्या बाबतीत ती सर्वांत ठळक दिसते.

जन्म कॅलिफोर्नियातील ग्लेनडेल येथे. बालपण लॉस एंजेलिसच्या पूर्वेकडील चिनो या गावी गेले. वडील मारिओ इटलीत जन्मलेले, पण अर्जेंटिनात वाढलेले. ते व्यावसायिक फुटबॉलमध्ये गोलरक्षक होते. आई लिलियाना अर्जेंटिनाच्या. घरात स्पॅनिश बोलली जाई. चिनोच्या डॉन लुगो हायस्कूलमध्ये असतानाच त्यांचे नाव देशभर झाले आणि २००० मध्ये देशातील सर्वोत्तम शालेय खेळाडूंमध्ये त्यांची गणना झाली. कॅलिफोर्निया सोडून त्या देशाच्या दुसऱ्या टोकाला, कनेटिकट विद्यापीठात, प्रशिक्षक जीनो ऑरिएमा यांच्याकडे शिकायला गेल्या.

तेथील पहिल्या वर्षाचा शेवट वाईट झाला. २००१ च्या राष्ट्रीय विद्यापीठ स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात नॉटर डेमविरुद्ध त्यांनी १५ वेळा बास्केटच्या दिशेने चेंडू टाकला, गेला एकदाच. वर पाच फाउल होऊन त्यांना मैदान सोडावे लागले. पुढच्या तिन्ही वर्षी (२००२, २००३, २००४) कनेटिकटनेच विजेतेपद मिळवले. २००२ चा संघ ३९ सामन्यांत अपराजित राहिला. त्यात सू बर्ड, स्विन कॅश, अ‍ॅशा जोन्स आणि तमिका विल्यम्स या शेवटच्या वर्षातल्या चौघी होत्या, आणि त्या वर्षीच्या डब्ल्यूएनबीए ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत) या चौघींचीही निवड पहिल्या सहांत झाली. म्हणून २००३ चे विजेतेपद अधिक महत्त्वाचे मानावे लागते. त्या चौघी गेल्यानंतर उरलेल्या नवख्या संघाला टॉरासींनी जवळजवळ एकटीने ओढून नेले. त्यांच्या चार वर्षांत कनेटिकटने १३९ सामने जिंकले आणि फक्त ८ गमावले.

एप्रिल २००४ च्या ड्राफ्टमध्ये फिनिक्सने त्यांना पहिल्या क्रमांकावर घेतले. त्याआधीच्या हंगामात या संघाने ३४ पैकी केवळ ८ सामने जिंकले होते. पहिल्याच वर्षी सामन्यामागे सरासरी १७ गुण नोंदवून त्या सर्वोत्तम नवोदित खेळाडू ठरल्या आणि त्याच उन्हाळ्यात अथेन्सला पहिले ऑलिंपिक सुवर्ण मिळाले. पहिल्या क्रमांकाच्या निवडीचा त्या वर्षीचा पगार मात्र सुमारे ४०,८०० डॉलर होता.

२००६ हे वर्ष वळणाचे. त्या वर्षी लीगने नियम बदलले. वीस-वीस मिनिटांच्या दोन डावांऐवजी दहा मिनिटांचे चार भाग आले आणि बास्केटवर चेंडू टाकण्यासाठी मिळणारा वेळ ३० वरून २४ सेकंदांवर आला. खेळ आपोआपच वेगवान झाला. फिनिक्सला नेमका त्याच वेळी पॉल वेस्टहेड हा प्रशिक्षक मिळाला. १९८० मध्ये लॉस एंजेलिस लेकर्सला पुरुषांचे विजेतेपद मिळवून देणारा हा माणूस वेगाच्या बाबतीत हट्टी होता. चेंडू हातात आला की धावायचे, आणि समोरचा संघ बचावाला उभा राहण्याआधी फेकायचे, एवढेच त्याचे म्हणणे. टॉरासींच्या हाताला ही पद्धत मानवली. फास्ट ब्रेकमध्ये इतर खेळाडू बास्केटच्या खाली घुसतात. टॉरासी तीन गुणांच्या रेषेच्या एक-दोन पावले मागेच थांबत, उजव्या हाताने चेंडू वर नेत आणि बचाव करणारी पुढे येईपर्यंत तो सुटलेला असे. असा फटका चुकला, तर प्रशिक्षक खेळाडूला बाकावर बसवतात. वेस्टहेडने उलट तो आणखी मारायला सांगितला. त्या हंगामात त्यांनी ८६० गुण (सामन्यामागे २५.३) आणि १२१ थ्री-पॉइंटर केले; दोन्ही लीगचे तेव्हाचे विक्रम. ह्यूस्टनविरुद्ध तीन जादा डावांपर्यंत ताणलेला सामना फिनिक्सने १११–११० असा जिंकला. त्यात एकट्या टॉरासींचे ४७ गुण होते.

पुढच्याच वर्षी, २००७ मध्ये, फिनिक्सने डेट्रॉइट शॉकला अंतिम मालिकेत ३–२ असे हरवले. पाचवा सामना डेट्रॉइटच्या मैदानावर १०८–९२ असा जिंकला गेला. अंतिम मालिकेचा निर्णायक विजय प्रतिस्पर्ध्याच्या घरी मिळवणारा लीगच्या इतिहासातला हा पहिला संघ. मालिकेची सर्वोत्तम खेळाडू कॅपी पाँडेक्स्टर ठरली. ऑस्ट्रेलियाची पेनी टेलर हा या संघाचा तिसरा खांब. २००९ मध्ये इंडियाना फीव्हरविरुद्ध दुसरे विजेतेपद आले. त्या वर्षी टॉरासींना हंगामाची आणि अंतिम मालिकेची सर्वोत्तम खेळाडू हे दोन्ही मान मिळाले. याच हंगामात दारू पिऊन गाडी चालवल्याबद्दल त्यांना अटक झाली होती आणि संघाने दोन सामन्यांची बंदी घातली होती. गौरवपर लेखनात हा तपशील सहसा गाळला जातो.

डब्ल्यूएनबीए १९९७ मध्ये सुरू झाली तीच उन्हाळी लीग म्हणून. पुरुषांचा हंगाम संपल्यावर रिकामी पडणारी स्टेडियम वापरायची, असा त्यामागचा हिशेब. त्यामुळे खेळाडूंना वर्षातले सात-आठ महिने मोकळे मिळत, आणि युरोपातला हंगाम नेमका त्याच महिन्यांत असे. टॉरासी २००५-०६ मध्ये डायनॅमो मॉस्कोकडून खेळल्या आणि त्यानंतर मॉस्कोजवळच्या विद्नोये येथील स्पार्टाक संघात गेल्या. स्पार्टाकचे सर्वेसर्वा शाब्ताय काल्मानोविच. जन्म लिथुआनियातला, पुढे इस्रायलचे नागरिक, सोव्हिएत गुप्तहेर म्हणून तिथे तुरुंगवास, आणि सुटकेनंतर रशियात उद्योगपती. असा माणूस कादंबरीत आला असता, तर वाचकाने विश्वास ठेवला नसता. संघ तिकिटांच्या पैशावर चालत नव्हता. तो त्यांच्या खिशातून चालत होता. टॉरासी आणि सू बर्ड यांना राहायला प्रशस्त घर, दिमतीला गाडी आणि चालक. मायदेशात याच दोघी साध्या प्रवासी विमानांच्या सामान्य वर्गातून सामन्यांना जात. स्पार्टाकने २००७ ते २०१० अशी सलग चार वर्षे युरोलीग जिंकली. यातले चौथे विजेतेपद काल्मानोविच यांच्या पश्चात आले. २ नोव्हेंबर २००९ रोजी मॉस्कोत भर रस्त्यात त्यांच्या गाडीवर गोळीबार होऊन त्यांची हत्या झाली. त्यांची पत्नी, माजी खेळाडू अन्ना आर्खिपोवा, यांनी संघ पुढे चालवला.

२०१० च्या हिवाळ्यात टॉरासी इस्तंबूलच्या फेनरबाचे क्लबकडे गेल्या. डिसेंबरमध्ये त्यांच्या नमुन्यात मोडाफिनिल हे बंदी असलेले उत्तेजक आढळल्याचा अहवाल अंकारा येथील प्रयोगशाळेने दिला. तुर्की महासंघाने त्यांना तात्पुरते निलंबित केले आणि क्लबने करार मोडला. आपण हे औषध कधीही घेतलेले नाही, असे त्या सुरुवातीपासून सांगत होत्या. फेब्रुवारी २०११ मध्ये प्रयोगशाळेने स्वतःच अहवाल मागे घेतला आणि बंदी उठली. तोपर्यंत हंगाम हातचा गेला होता आणि जगभर बातमी पसरली होती. खेळाडूच्या बाजूने लागलेले असे निकाल दुर्मीळ असतात. आरोपाइतकी जागा मात्र वर्तमानपत्रांनी या निकालाला दिली नाही. पुढच्या हंगामात त्या पुन्हा इस्तंबूललाच, पण गलातासराय या प्रतिस्पर्धी क्लबकडे खेळल्या.

२०१२ पासून त्या उरल पर्वताच्या पायथ्याशी असलेल्या येकातेरिनबुर्ग शहराच्या यूएमएमसी संघात होत्या. तांबे व इतर धातूंच्या खाणींचा आणि कारखान्यांचा एक बडा उद्योगसमूह हा संघ पोसत असे. या संघाबरोबर २०१३ आणि २०१६ मध्ये त्यांना आणखी दोन युरोलीग विजेतेपदे मिळाली, म्हणजे एकूण सहा. दरम्यान २०१४ मध्ये फिनिक्सने सँडी ब्राँडेलो यांच्या प्रशिक्षणाखाली ३४ पैकी २९ सामने जिंकले, शिकागो स्कायला ३–० असे हरवले आणि टॉरासी दुसऱ्यांदा अंतिम मालिकेच्या सर्वोत्तम खेळाडू ठरल्या. ब्रिटनी ग्राइनर तेव्हा संघात दुसरे वर्ष खेळत होती.

लगेच फेब्रुवारी २०१५ मध्ये टॉरासींनी फिनिक्सच्या प्रेक्षकांना पत्र लिहून कळवले, की येत्या उन्हाळ्यात आपण खेळणार नाही. यूएमएमसीकडून त्यांना हिवाळ्याच्या हंगामाचे सुमारे १५ लाख डॉलर मिळत. फिनिक्समधला पगार लाखाच्या आसपास. त्यांनी उन्हाळ्यात विश्रांती घ्यावी म्हणून रशियन क्लबने त्या पगाराहून अधिक रक्कम देऊ केली. गतविजेत्या संघाची प्रमुख खेळाडू न खेळण्याचे पैसे घेते, यावर अमेरिकेत टीका झाली. पण टीका करायची तर ती लीगच्या वेतनरचनेवर करायला हवी होती. तेहतिसाव्या वर्षात पाऊल टाकणाऱ्या आणि दहा वर्षे बारमाही खेळलेल्या खेळाडूच्या पाठीला आणि गुडघ्यांना सुट्टी हवीच होती, आणि ती भरपगारी मिळत होती. पुढच्या वाटाघाटींत खेळाडू संघटनेच्या हाती हे उदाहरण कायम राहिले. २०२० च्या करारात कमाल वेतन सुमारे १,१७,५०० वरून २,१५,००० डॉलरवर गेले. २०२४ पासून सर्व संघांना खास विमाने मिळू लागली. रशियातील कमाईची वाट मात्र त्याआधीच आटली होती: २०२२ मध्ये टॉरासींप्रमाणेच हिवाळ्यात यूएमएमसीकडून खेळणाऱ्या ग्राइनरला संघाकडे परतताना मॉस्को विमानतळावर अटक झाली, युक्रेन युद्ध पेटले आणि बहुतेक अमेरिकी खेळाडूंसाठी रशियाचे दार बंद झाले.

टॉरासी २०१७ मध्ये येकातेरिनबुर्गहून कायमच्या परतल्या. त्याच वर्षी मे महिन्यात त्यांनी पेनी टेलर यांच्याशी विवाह केला. अथेन्स आणि बीजिंग या दोन्ही ऑलिंपिक अंतिम सामन्यांत टेलर समोरच्या, हरलेल्या ऑस्ट्रेलियन संघात होत्या. १८ जून २०१७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये टॉरासींनी टीना थॉम्प्सन यांचा ७,४८८ गुणांचा विक्रम मागे टाकला. २०१९ मध्ये पाठीवर शस्त्रक्रिया झाल्याने तो हंगाम बहुतांशी बाहेर गेला आणि कारकीर्द संपली, असे अनेकांनी गृहीत धरले. ते खोटे ठरले. ८ ऑक्टोबर २०२१ रोजी लास वेगासमध्ये उपांत्य मालिकेचा पाचवा सामना होता आणि फिनिक्समध्ये टेलर यांचे दिवस भरले होते. फिनिक्सने सामना ८७–८४ असा जिंकला. टॉरासींनी २४ गुण केले, त्यांपैकी १४ शेवटच्या दहा मिनिटांत. रात्रीच त्या फिनिक्सला परतल्या आणि पहाटे त्यांच्या मुलीचा जन्म झाला. अंतिम मालिकेचा पहिला सामना दुसऱ्याच दिवशी होता. शिकागोने ती मालिका ३–१ अशी जिंकली.

त्यांच्या खेळात कलागती पुष्कळ. टेक्निकल फाउलच्या यादीत त्या लीगमध्ये सर्वांच्या पुढे आहेत. पंचांशी हुज्जत घालणे आणि प्रतिस्पर्ध्याला डिवचणे हा त्यांच्या दृष्टीने खेळाचाच भाग. २०१३ च्या बाद फेरीत मिनेसोटाच्या सिमोन ऑगस्टस हिच्याशी रेटारेटी चालू असताना त्यांनी अचानक तिच्या गालाचा मुका घेतला. पंचांनी दोघींनाही फाउल दिला. कोबी ब्रायंट यांनी दिलेले ‘व्हाइट माम्बा’ हे टोपणनाव याच स्वभावाला उद्देशून आहे.

३ ऑगस्ट २०२३ रोजी, वयाच्या ४१ व्या वर्षी, अटलांटाविरुद्ध ४२ गुण करताना त्यांनी दहा हजारांचा टप्पा ओलांडला. लीगमध्ये तिथे पोचलेल्या त्या पहिल्या खेळाडू. पुढच्या वर्षीच्या पॅरिस ऑलिंपिकसाठी झालेली त्यांची निवड मात्र वादाची ठरली. नवोदित केटलिन क्लार्कला वगळून ४२ वर्षांच्या खेळाडूला का घेतले, हा प्रश्न प्रेक्षक महिनाभर विचारत होते. फ्रान्सविरुद्धचा अंतिम सामना अमेरिकेने ६७–६६ असा एका गुणाने जिंकला. टॉरासींना त्यात एक मिनिटही खेळवले गेले नाही. सहावे सुवर्ण त्यांच्या नावावर लागले, पण पहिल्या पाचांच्या तोलाचे ते मानता येणार नाही.

शेवटचा सामना २५ सप्टेंबर २०२४ रोजी मिनेसोटाविरुद्ध, पराभवाचा. २५ फेब्रुवारी २०२५ रोजी ‘टाइम’ नियतकालिकातून त्यांनी निवृत्ती जाहीर केली. एका हंगामातील ८६० गुणांचा त्यांचा विक्रम ज्वेल लॉइडने २०२३ मध्येच मोडला होता. एकूण गुणांच्या यादीत निवृत्तीच्या वेळी दुसऱ्या क्रमांकावर असलेल्या टीना चार्ल्स त्यांच्यापेक्षा अडीच हजारांहून अधिक गुणांनी मागे होत्या. युरोपातील हिवाळ्यांत केलेले गुण या हिशेबात धरलेले नाहीत.