शीळ आधी, पुस्तक मागाहून

आगगाडीने बेलापूरला येणाऱ्या नवख्या माणसाची एक फजिती ठरलेली असे. पाटीवर नाव वाचून तो खाली उतरे आणि बघतो तर काय, गाव अजून दूरच! दौंड-मनमाड लोहमार्ग १८७८ साली सुरू झाला. स्टेशनाला नाव बेलापूरचे मिळाले, आणि स्टेशनाभोवती पुढे श्रीरामपूर वाढले. प्रवरेकाठचे जुने बेलापूर आपले जागच्या जागी राहिले. नाव आधी पोचले, गाव मागाहून यायचे!

आज ज्या तबकडीची हकीकत सांगायची आहे, तिच्या बाबतीतही काहीसे असेच घडले. गाणे आधी पोचले आणि पुस्तक मागाहून आले. ते गाणे म्हणजे ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ ही कविता. गाणारे होते जी. एन. जोशी.

कवी आणि गायक दोघेही १९०९ सालचे, आणि दोघांचेही शिक्षण कायद्याचे. देशपांडे विदर्भात मेहकरला वकिली करीत. जोशींनी मात्र कोर्टाची पायरी सोडून गाण्याची वाट धरली. ‘शीळ’ला त्यांनी स्वतःच चाल लावली, आणि १९३०च्या दशकाच्या आरंभी एच. एम. व्ही.ने ती तबकडीवर आणली. मराठी भावगीताची सुरुवात सांगताना आजही जाणकार याच तबकडीकडे बोट दाखवतात.

तुम्ही म्हणाल, गाणी काय आधी नव्हती? होती की! हिंदुस्थानात ध्वनिमुद्रणाला १९०२ साली कलकत्त्यास सुरुवात झाली होती. मराठी घरांत नाट्यपदांच्या तबकड्या वाजत होत्या. पण नाट्यपदामागे नाटक उभे असते. पात्र कोण, प्रसंग कोणता, हे ऐकणाऱ्याला ठाऊक असते. ‘शीळ’मागे ना नाटक होते, ना नायिकेचा शालू. रानातून येणारी शीळ आणि ती ऐकून व्याकूळ झालेले एक मन, एवढाच तिचा संसार. सुटी कविता गाऊन विकली जाईल काय, हाच खरा प्रश्न होता.

इथे यंत्राने हात दिला. पूर्वी कर्ण्यापुढे उभे राहून खड्या आवाजात गावे लागे. हळू गायिलेले मेणावर उमटतच नसे. १९२५च्या सुमारास विजेवर चालणारे ध्वनिमुद्रण आले, मायक्रोफोन आला, आणि शेजारी बसून बोलावे तसे गाता येऊ लागले. भावगीताचा हळुवार सूर कवीच्या शब्दांत होताच. तो तबकडीवर उतरवणारे साधन आता मिळाले.

‘शीळ’ घरोघर गेली. बेलापूरच्या पेठेतले एखादे घर डोळ्यांपुढे आणा. ओट्यावर चावीचा फोनो ठेवला आहे. मिनिटाला ७८ फेरे घेणारी तबकडी फिरते आहे. एका बाजूस जेमतेम तीन-सव्वातीन मिनिटांचे गाणे. मग सुई उचला, चावी द्या, पुन्हा लावा. ऐकणाऱ्यांत काहींना अक्षरओळखही नसेल. पण दोन-चार वेळा ऐकले की कविता तोंडपाठ!

यावर आक्षेप निघाले नसते तरच नवल. रागदारीच्या बैठकीत बसणाऱ्याला हे गाणे हलके वाटायचे. कवितेच्या वाचकालाही शंका यायची, की एकदा चाल चिकटली म्हणजे माझी मी कविता वाचायची कशी? दुसरा आक्षेप मला खोटा वाटत नाही. गाऊन ऐकलेली कविता पुन्हा मुक्याने वाचता येत नाही, हे आपण सर्वांनीच अनुभवले आहे.

पण हिशेबाची दुसरी बाजूही पाहा. देशपांड्यांचा ‘शीळ’ हा संग्रह प्रसिद्ध झाला १९५४ साली. म्हणजे तबकडी ऐकलेल्या पिढीची मुले मोठी झाली, तेव्हा कुठे पुस्तक हाती आले! चाल चिकटली नसती, तर कित्येक घरांत ही कविता मुळी शिरलीच नसती. काही हरवले हे खरे; पण जे मिळाले ते ज्यांना एरवी काहीच मिळाले नसते, त्यांना मिळाले.

आणि गायकाचे काय झाले? जोशी पुढे त्याच कंपनीत ध्वनिमुद्रणाचे अधिकारी झाले आणि इतरांचे आवाज टिपू लागले. शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काब्रा यांची १९६७ सालची ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही गाजलेली ध्वनिमुद्रिका त्यांच्याच देखरेखीखाली तयार झाली. तिकडे गजानन वाटव्यांनी भावगीत तबकडीतून काढून चौकातल्या मांडवात नेले. १९५५ साली पुणे आकाशवाणीवरून ‘गीतरामायण’ सुरू झाले, तेव्हा घरी बसून मराठी शब्द मन लावून ऐकणारा कान महाराष्ट्रात तयार होता.

तो कान तयार करण्यात या तीन मिनिटांच्या शिळेचा वाटा मोठा आहे. गावाचे नाव स्टेशनाला गेले म्हणून बेलापूरचे काही उणे झाले नाही. उलट पाटी वाचूनच परगावच्या माणसाने पुढे गावाची वाट विचारली. कवितेचेही तसेच समजा. तुम्हांला ‘शीळ’ची नुसती चालच आठवत असेल, तर एकदा तो संग्रह हाती घ्या. स्टेशन आले आहे. गाव थोडे पुढे आहे, इतकेच.