अंतःप्रजनन, लहान प्राणिसमूहांतील

निकट रक्तसंबंध असलेल्या नर-माद्यांच्या संयोगाने होणाऱ्या प्रजोत्पादनास अंतःप्रजनन म्हणतात. अशा संततीची जीवनक्षमता, म्हणजे जगण्याची, वाढण्याची व पुढील पिढी निर्माण करण्याची शक्ती, सामान्य संततीच्या मानाने कमी आढळते. या ऱ्हासाला ‘अंतःप्रजनन-अवनती’ अशी संज्ञा आहे. विस्तृत व सलग प्रदेशात पसरलेल्या समूहात नात्यातील संयोग क्वचितच घडतात. समूह लहान होऊन त्याच्या वाटा बंद झाल्या, की काही पिढ्यांनी परक्या वंशाचा जोडीदारच उरत नाही. पूर्व विदर्भातील वाघ व रानम्हैस यांच्या अलीकडील इतिहासात या प्रश्नाला विशेष महत्त्व आले आहे.

इतिहास : एकाच कळपात पिढ्यान्‌पिढ्या एकाच वंशाचा वळू ठेवू नये, हे पशुपालकांना अनुभवाने ठाऊक होते. या अनुभवाला प्रयोगाचा आधार चार्ल्स डार्विन यांनी दिला. अनेक वनस्पतींवर अकरा वर्षे केलेल्या प्रयोगांचा वृत्तांत त्यांनी १८७६ मध्ये प्रसिद्ध केला. स्वपरागणाने झालेली रोपे परपरागणाने झालेल्या रोपांपेक्षा बहुधा खुजी व कमी बीज देणारी असतात, असे त्यांना आढळले. स्वतः डार्विन यांचा विवाह सख्ख्या मामेबहिणीशी झालेला होता व आपल्या मुलांच्या प्रकृतीसंबंधी त्यांना चिंता वाटे. मेंडेल यांचे आनुवंशिकतेचे नियम त्या वेळी शास्त्रज्ञांना परिचित नसल्याने डार्विन यांना या घटनेचे कारण सांगता आले नाही.

अमेरिकेच्या कृषी खात्याने १९०६ पासून गिनीपिगांच्या भावंडांचे पिढ्यान्‌पिढ्या संयोग घडवून आणले होते. त्या नोंदींचा अभ्यास करताना स्यूअल राइट यांनी १९२२ मध्ये ‘अंतःप्रजन गुणांक’ मांडला. सख्ख्या भावंडांच्या संततीत हा गुणांक १/४, सावत्र भावंडांच्या संततीत १/८ व सख्ख्या चुलत, मामे वा आते भावंडांच्या संततीत १/१६ येतो. वन्य प्राण्यांच्या संदर्भात मात्र हा विषय बराच काळ दुर्लक्षित राहिला. १९७९ मध्ये कॅथरिन रॉल्स व त्यांच्या सहकाऱ्यांनी प्राणिसंग्रहालयांच्या नोंदी तपासल्या, तेव्हा खुरी प्राण्यांच्या १६ जातींपैकी १५ जातींत नात्यातील संयोगापासून झालेली पिले अधिक प्रमाणात दगावल्याचे दिसून आले.

कारणमीमांसा : प्रत्येक प्राण्यात बहुतेक जीनांच्या (गुणसूत्रांवरील आनुवंशिक घटकांच्या) दोन प्रती असतात, एक पित्याकडून व एक मातेकडून आलेली. अपायकारक जीनांपैकी पुष्कळसे अप्रभावी असतात, म्हणजे जोडीची दुसरी प्रत निर्दोष असेल, तर त्यांचा परिणाम प्रकट होत नाही. नर व मादी एकाच पूर्वजाचे वंशज असल्यास संततीत दोन्ही प्रती सदोष येण्याचा संभव वाढतो व झाकलेले दोष उघडे पडतात.

समूहाच्या आकाराचा परिणाम गणिताने दाखविता येतो. प्रजननात खऱ्या अर्थाने भाग घेणाऱ्या प्राण्यांच्या संख्येला ‘परिणामी संख्या’ म्हणतात. ही संख्या १० असल्यास दर पिढीस सु. ५ टक्के आनुवंशिक विविधता नष्ट होते व दहा पिढ्यांनंतर मूळ विविधतेचा सु. ६० टक्के भाग उरतो. ती ५० असल्यास दहा पिढ्यांनंतरही सु. ९० टक्के विविधता टिकते. परिणामी संख्या प्रत्यक्ष गणतीपेक्षा बहुधा पुष्कळ कमी असते. वाघांत एकच बलिष्ठ नर अनेक माद्यांवर ताबा ठेवतो व इतर नरांचा वंश चालत नाही, हे त्याचे ठळक उदाहरण होय.

समूह दीर्घकाळ लहान राहिल्यास अतिशय घातक जीन निवडीने गळून पडतात, हे खरे आहे. तथापि सौम्य अपाय करणारे जीन साचत जातात. रणथंभोरच्या एकाकी पडलेल्या वाघांच्या जीनसंचाचा अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात या दोन्ही प्रक्रियांची चिन्हे आढळली.

प्रमुख उदाहरणे : रेवा संस्थानात १९५१ मध्ये पकडलेल्या ‘मोहन’ या पांढऱ्या वाघाचा संयोग त्याच्याच ‘राधा’ या मुलीशी घडवून १९५८ मध्ये पांढरे बछडे मिळविण्यात आले. पांढरा रंग टिकविण्यासाठी पुढेही नात्यातील संयोग चालू राहिले व या वंशात व्यंगे आणि अकाली मृत्यू यांचे प्रमाण वाढले. गीरच्या सिंहांत सदोष शुक्राणूंचे प्रमाण आफ्रिकेतील सेरेंगेटीच्या सिंहांपेक्षा अधिक असल्याचे १९८७ मध्ये दिसून आले. असे असूनही संरक्षणामुळे गीरच्या सिंहांची संख्या २०२५ च्या गणनेत ८९१ पर्यंत पोहोचली. विविधतेची उणीव म्हणजे तत्काळ विनाश नव्हे. मात्र रोगाची साथ आल्यास अशा समूहास धोका अधिक असतो.

फ्लॉरिडातील प्यूमांची संख्या २०–३० पर्यंत घटली, तेव्हा त्यांच्यात मुरडलेल्या शेपट्या, न उतरलेली वृषणे व हृदयातील दोष आढळू लागले. १९९५ मध्ये टेक्ससमधील आठ माद्या तेथे सोडण्यात आल्या. त्यांच्या संकरज संततीत हे दोष घटले व पुढील सु. पंधरा वर्षांत प्यूमांची संख्या जवळजवळ तिप्पट झाली. ओडिशातील सिमिलीपालच्या वाघांत काळे पट्टे एकमेकांत मिसळून गडद रंग येण्यास कारणीभूत असलेले उत्परिवर्तन एकाकीपणामुळे पसरल्याचे २०२१ मध्ये निष्पन्न झाले. तेथे परका वंश मिसळावा म्हणून २०२४ च्या अखेरीस महाराष्ट्रातील ताडोबा-अंधारी व्याघ्र प्रकल्पातून ‘जमुना’ व ‘झीनत’ या दोन वाघिणी नेण्यात आल्या.

पूर्व विदर्भ : वैनगंगेच्या खोऱ्यात कोहळी समाजाने तलाव बांधून भातशेती वाढविली, तरी डोंगरावरील जंगले दीर्घकाळ एकमेकांस जोडलेली राहिली. ब्रिटिश अमदानीतील शिकार, विसाव्या शतकातील लोहमार्ग व पुढे रुंद झालेले महामार्ग यांमुळे त्यांचे तुकडे पडले. नागझिरा अभयारण्य १९७० मध्ये व नवेगाव राष्ट्रीय उद्यान १९७५ मध्ये स्थापन झाले. पहिल्याचे क्षेत्र सु. १५३ चौ. किमी. व दुसऱ्याचे सु. १३४ चौ. किमी. इतकेच होते. ही वने व लगतची अभयारण्ये मिळून २०१३ मध्ये नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प घोषित झाला. नवेगाव व नागझिरा यांच्यामधून राष्ट्रीय महामार्ग जातो. वाघाची पिढी सु. पाच वर्षांची धरल्यास १९७५ पासून आजवर दहा पिढ्या झाल्या. बाहेरून एकही वाघ येऊ शकला नसता, तर वरील गणिताप्रमाणे एवढ्या लहान वनातील वाघांची बरीचशी विविधता या अवधीत लोपली असती.

असे झाले नाही, याचे श्रेय वनांमधील जोडपट्ट्यांना आहे. गोंदिया जिल्ह्याच्या अर्जुनी-मोरगाव तालुक्यातील केशोरी हे गाव गडचिरोली जिल्ह्याच्या सीमेजवळ आहे. गाढवी नदीवरील इटियाडोह धरण याच भागात असून केशोरीच्या आसपासची वने नवेगावचे जंगल व गडचिरोली जिल्ह्यातील वने यांच्यामधील दुवा आहेत. राष्ट्रीय व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाने मान्य केलेल्या कान्हा–नवेगाव-नागझिरा–ताडोबा–इंद्रावती या संचारमार्गाच्या प्रदेशात हा भाग येतो. वयात आलेला नर आईचे क्षेत्र सोडून दूर जातो. मादी बहुधा जवळपासच राहते. अंतःप्रजनन टाळण्याची ही निसर्गाची योजना होय. २०१३ मध्ये नागझिऱ्यातील ‘जय’ हा वाघ उमरेड-कऱ्हांडला अभयारण्यात पोहोचला व तेथे त्याचा वंश वाढला. मध्य भारतातील वाघांच्या विष्ठेतून मिळविलेल्या जीनांचा अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यावरूनही जेथे जंगलपट्टे शाबूत आहेत तेथे वंशांची देवाणघेवाण टिकून असल्याचे दिसते.

हीच वाट माणसांच्या वस्तीतून जाते. केशोरी परिसरातील लोकांना मोहफुले, तेंदूपाने व सरपण यांसाठी वनात जावे लागते. सी.टी.–१ या नावाने ओळखल्या गेलेल्या वाघाने वडसा, भंडारा व ब्रह्मपुरी या भागांत मिळून १३ माणसांचा बळी घेतला. ऑक्टोबर २०२२ मध्ये त्याला वडसा भागात पकडण्यात आले. भटकणारा नर समूहाला नवा वंश देतो व तोच गावाला भयही देतो. त्यामुळे ज्यांच्या वनांतून वाट जाते, त्यांच्या सुरक्षिततेवाचून संचारमार्ग टिकणे अवघड आहे.

रानम्हशीची अवस्था अधिक बिकट आहे. शिकार, पाळीव जनावरांपासून येणारी बुळकांडी व पाळीव म्हशींशी होणारा संकर यांमुळे मध्य भारतातील तिची वसती विस्कळित झाली. महाराष्ट्रात गडचिरोली जिल्ह्यातील कोलामार्का येथे तिच्यासाठी २०१३ मध्ये संवर्धन राखीव क्षेत्र घोषित झाले. छत्तीसगढमधील उदंती येथे तर एके काळी एकच मादी उरली होती. त्या राज्यात २०२० पासून आसामातील मानसच्या रानम्हशी आणण्यात आल्या. दीर्घकाळ अलग राहिलेले वंश मिसळल्यास स्थानिक परिस्थितीशी जुळलेले गुण नाहीसे होऊ शकतात, असा आक्षेप या उपायावर घेतला जातो.

उपाय : समूहाची संख्या वाढविणे, वने जोडलेली ठेवणे व गरज पडल्यास बाहेरून प्राणी आणणे, हे तीन मुख्य उपाय आहेत. पेंचजवळील राष्ट्रीय महामार्ग ४४ वर महाराष्ट्राच्या हद्दीत नऊ ठिकाणी रस्ता उंचावून प्राण्यांसाठी खालून वाट ठेवण्यात आली आहे व वाघ तिचा उपयोग करतात. माद्या दूरवर जात नसल्याने मे २०२३ मध्ये ब्रह्मपुरी भागातील दोन वाघिणी नागझिऱ्यात सोडण्यात आल्या. एप्रिल २०२४ मध्ये तिसरी सोडण्यात आली. असे स्थलांतर खर्चाचे व जोखमीचे असून ते पुनःपुन्हा करावे लागते.

राइट यांच्या सिद्धांताप्रमाणे दर पिढीस बाहेरून एक प्राणी येऊन त्याची संतती झाली, तर अलग समूहाची विविधता बव्हंशी टिकते. प्रत्यक्षात याहून अधिक प्राण्यांची गरज भासू शकते, असे पुढील अभ्यासकांचे मत आहे. नवेगावच्या वाघांपुरते बोलावयाचे, तर केशोरीच्या किंवा अशाच एखाद्या पट्ट्यातून पाच वर्षांत निदान एक वाघ सुखरूप पार होऊन त्याचा वंश पुढे चालणे, ही या सिद्धांताची किमान मागणी होय.